निवडणुकीचा तंटा आणि नोटिशीची मुदत

एखाद्या नागरिकाने निवडणुकीत लाचलुचपत झाल्याची तक्रार न्यायालयापुढे मांडावी, मेहनतीने पुरावा जमवावा, आणि न्यायाधीशांनी त्या पुराव्याकडे दृष्टीही न टाकता अर्ज काढून टाकावा. कारण एवढेच की, प्रतिपक्षाला द्यावयाची नोटीस मुदतीनंतर पोहोचली! हा न्याय की न्यायाची विटंबना, असा प्रश्न कोणाही विचारी माणसाच्या मनात उभा राहील. त्याच्या उत्तरासाठी थोडे इतिहासात शिरले पाहिजे.

इंग्लंडात निवडणुकीच्या तंट्यांचा निवाडा पूर्वी कॉमन्स सभा स्वतःच करीत असे. ज्या पक्षाचे बहुमत, त्याच्याकडे न्यायाचे पारडे झुकावयाचे. १७७० च्या ग्रेनव्हिल कायद्याने हे काम चिठ्ठ्या टाकून निवडलेल्या समितीकडे गेले आणि १८६८ साली न्यायाधीशांकडे आले. मात्र हा अधिकार सर्वसाधारण दिवाणी अधिकार नव्हता. कायद्याने तो अटींसह दिला होता. क्वीबेकमधील एका निवडणुकीच्या प्रकरणात १८७६ साली प्रिव्ही कौन्सिलने याचे मर्म उलगडून दाखविले. हा अधिकार अगदी वेगळ्या जातीचा आहे आणि त्याचा निकाल त्वरित व अखेरचा लागला पाहिजे. नाही तर विधिमंडळात कोणी बसावयाचे हेच अनिश्चित राहील.

तीन वर्षांनी वेल्समधील टेन्बी गावच्या निवडणुकीचे प्रकरण निघाले. अर्ज दाखल झाल्यापासून पाच दिवसांत प्रतिपक्षाला नोटीस द्यावी, असा नगरपालिका निवडणुकीचा नियम होता. तो पाळला गेला नव्हता. न्यायालयाने ठरविले की, ही अट पुरी झाल्यावाचून अर्ज पुढे चालूच शकत नाही. परीक्षेची वेळ संपल्यावर आणून दिलेली उत्तरपत्रिका आम्ही शिक्षक तपासत नाही. तीतील उत्तरे चुकीची असतात म्हणून नव्हे. तपासण्याचा आम्हांस अधिकारच उरत नाही म्हणून. तसाच हा प्रकार होय.

हेच सूत्र पुढे मलेशियात पोहोचले. १९६४ साली बंगसार मतदारसंघातून देवन नायर निवडून आले. हेच गृहस्थ १९८१ साली सिंगापूरचे राष्ट्राध्यक्ष झाले. त्यांच्याविरुद्धच्या अर्जाची प्रत दहा दिवसांच्या मुदतीत त्यांना पोहोचली नाही. प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेले आणि १९६७ साली निर्णय झाला की, मुदत बंधनकारक असून अर्ज निरर्थक ठरतो.

आपल्या देशात १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याने व्यवस्था थोडी निराळी केली. अर्ज पंचेचाळीस दिवसांत दाखल व्हावा आणि प्रत्येक प्रतिवादीसाठी सहीनिशी खरी नक्कल सोबत असावी. समन्स न्यायालयाने पाठवावे. नकला नसतील, तर अर्ज फेटाळण्याची आज्ञाच कायद्यात आहे. १९७४ साली सर्वोच्च न्यायालयाने ती काटेकोरपणे लागू केली. परंतु त्याच न्यायालयाने १९६३ साली असेही सांगितले होते की, नकलेतील क्षुल्लक फरकाने कोणाची दिशाभूल होत नसेल, तर तेवढ्यावरून अर्ज बुडू नये. इंग्लंडातही २००९ साली उच्च न्यायालयाने मानवी हक्कांच्या कायद्याचा आधार घेऊन, तारणाची नोटीस उशिरा दिलेला एक अर्ज वाचविला.

या दोन प्रवाहांतून मला एक भेद स्पष्ट दिसतो. नोटिशीचा हेतू प्रतिपक्षाला अंधारात न ठेवणे हा आहे. तो हेतूच जेथे फसला, तेथे कठोरपणा योग्य होय. जेथे तो सफळ झाला आणि केवळ बाह्य रूपात उणीव राहिली, तेथे कठोरपणाची किंमत अर्जदार एकटा देत नाही. निवडणूक खरोखर शुद्ध होती काय, हे जाणण्याचा हजारो मतदारांचा हक्कही त्याच्याबरोबर बुडतो. मुदत घालणे विधिमंडळाच्या हाती आहे. ती घालताना या मूक मतदाराचे स्मरण ठेवावे, एवढेच मागणे आहे.