मेलबर्नचा सेंटर फॉरवर्ड : नेव्हिल डिसोझा

ऑलिंपिकच्या फुटबॉलमध्ये हॅट्ट्रिक करणारा पहिला आशियाई खेळाडू मुंबईचा होता, हे आज खुद्द मुंबईकरांनाही सांगावे लागते. नेव्हिल डिसोझा हे त्याचे नाव. आमच्या उर्दू शाळेतल्या सातवी-आठवीच्या मुलांना ब्राझील, अर्जेंटिना, तुर्कस्तान इथल्या खेळाडूंची नावे पाठ असतात. तुर्कस्तानच्या हाकान शुकूरने २००२ च्या विश्वचषकात तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात दक्षिण कोरियाविरुद्ध अकरा सेकंदांच्या आत गोल केला, हेही एखादा मुलगा सांगतो. नेव्हिलचे नाव मात्र वर्गात कुणाला ठाऊक नसते. यात मुलांचा दोष नाही. त्यांच्यापर्यंत ते नाव कुणी पोहोचवलेच नाही.

नेव्हिलचा जन्म १९३२ चा, पोर्तुगीज अमलाखालील गोव्यातला. त्याचा धाकटा भाऊ डेरेक हाही पुढे भारताकडून खेळला. नेव्हिलचे नाव झाले ते मुंबईत. त्या काळी मुंबईचे फुटबॉल कंपन्यांच्या आधारावर उभे होते. टाटा, कॅल्टेक्स, बर्मा शेल, वेस्टर्न रेल्वे, पुढे मफतलाल, अशा संघांमध्ये चांगल्या खेळाडूला नोकरी मिळे आणि कुलाब्याजवळच्या कूपरेजच्या मैदानावर खेळायला मिळे. आजच्यासारखे कोटींचे करार नव्हते. नोकरी टिकली तर घर चालले, असा हिशेब. नेव्हिल टाटा स्पोर्ट्स क्लबकडून खेळत असे. १८९१ मध्ये सुरू झालेली रोव्हर्स कप स्पर्धा मुंबईतच भरे. हैदराबाद पोलिसांच्या संघाने ती १९५० पासून सलग पाच वेळा जिंकली, म्हणजे देशातले उत्तम फुटबॉल मुंबईकराला घरबसल्या पाहायला मिळत होते. १९५४ मध्ये मुंबईने संतोष ट्रॉफी पहिल्यांदा जिंकली, तेव्हाचे हे वातावरण.

हैदराबाद पोलिसांचा उल्लेख आला म्हणून थोडे थांबून सय्यद अब्दुल रहीम यांच्याविषयी सांगितलेच पाहिजे. मी स्वतः शिक्षक असल्यामुळे असेल, पण या गृहस्थांबद्दल मला विशेष जिव्हाळा वाटतो. रहीमसाहेब पेशाने शाळामास्तर. उस्मानिया विद्यापीठाचे पदवीधर, हैदराबादच्या शाळांतून त्यांनी शिकवले, त्यात उर्दू शाळाही होती. मग शारीरिक शिक्षणाचा अभ्यासक्रम पुरा केला. मुलांना नुसते 'पळा, मारा' असे न सांगता ते खेळ समजावून देत. ड्रिब्लिंगला बंदी असलेल्या स्पर्धा त्यांनी भरवल्या, म्हणजे खेळाडूला चेंडू पायाशी न ठेवता लगेच पुढे द्यावाच लागे. ज्याचा उजवा पाय चालतो त्याने डाव्यानेच खेळायचे, अशाही स्पर्धा ते घेत. बी.एड.च्या पुस्तकांत 'कृतीतून शिक्षण' म्हणून जे आम्ही परीक्षेपुरते पाठ केले, ते हा मास्तर मैदानावर करून दाखवत होता.

१९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये भारताचे बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले आणि युगोस्लाव्हियाने आपल्याला १०-१ असे हरवले. त्या पराभवानंतर बूट सक्तीचे झाले. चार वर्षांनी, १९५६ मध्ये, रहीमसाहेब मेलबर्नला जो संघ घेऊन गेले त्यात देशाच्या सगळ्या कोपऱ्यांतली मुले होती. कर्णधार बंगालचा समर 'बद्रू' बॅनर्जी. उजव्या बगलेला पी. के. बॅनर्जी. हैदराबादचे अझीझुद्दीन, नूर मोहम्मद, झुल्फिकार आणि तुलसीदास बलराम. गोलात थंगराज किंवा नारायण. आणि मधल्या आघाडीवर मुंबईचा चोवीस वर्षांचा ख्रिस्ती तरुण, नेव्हिल. या नावांची यादी मोठ्याने वाचून पाहावी. राष्ट्रीय एकात्मतेवरचा निबंध मुलांकडून लिहून घेण्यापेक्षा ती जास्त उपयोगाची आहे.

पहिल्या फेरीत आपली गाठ हंगेरीशी होती, पण हंगेरीत त्या वर्षी उठाव होऊन सोव्हिएत रणगाडे शिरले होते आणि त्यांचा फुटबॉल संघ आलाच नाही. भारताला पुढे चाल मिळाली. 'मग त्यात काय मोठे केले' असे म्हणणारे भेटतात. त्यांनी १ डिसेंबरचा उपांत्यपूर्व सामना पाहावा. समोर यजमान ऑस्ट्रेलिया, प्रेक्षक त्यांचे, हवा त्यांची. नवव्या मिनिटाला नेव्हिलने पहिला गोल केला. सतराव्या मिनिटाला ब्रूस मॉरोने बरोबरी केली. तेहतिसाव्या मिनिटाला पुन्हा नेव्हिल, एक्केचाळिसाव्या मिनिटाला पुन्हा मॉरो. मध्यंतराला २-२. पन्नासाव्या मिनिटाला नेव्हिलने तिसरा गोल केला आणि ऐंशीव्या मिनिटाला किट्टूने चौथा. ४-२ असा सामना जिंकून ऑलिंपिकच्या उपांत्य फेरीत जाणारा भारत हा आशियातला पहिला देश ठरला. यजमानांना हा निकाल योगायोग वाटला असेल तर तो गैरसमजही टिकला नाही. १२ डिसेंबरला सिडनीत पुन्हा सामना झाला, तो भारताने ७-१ असा जिंकला.

उपांत्य सामन्यात समोर आले तेच युगोस्लाव्हिया, चार वर्षांपूर्वी दहा गोल घालणारे. मध्यंतरापर्यंत एकही गोल झाला नाही. बावन्नाव्या मिनिटाला नेव्हिलने गोल केला आणि भारत आघाडीवर गेला! ही आघाडी दोनच मिनिटे टिकली. पुढे सामना आपण १-४ असा गमावला, त्यातला शेवटचा गोल तर आपल्याच खेळाडूकडून झाला. कांस्यपदकाच्या लढतीत बल्गेरियाने ३-० असे हरवले आणि भारत चौथा आला. नेव्हिलचे एकूण गोल चार. युगोस्लाव्हियाचा वेसेलिनोविच आणि बल्गेरियाचा मिलानोव यांच्याबरोबरीने तो स्पर्धेत अव्वल ठरला. मिलानोवचा चौथा गोल आपल्याविरुद्धच्याच सामन्यातला. त्या दिवशी नेव्हिलला एक गोल साधला असता तर तो एकटाच वर राहिला असता.

मेलबर्ननंतर ऑलिंपिकचे मैदान त्याला पुन्हा मिळाले नाही. १९६० साली रोमला भारत गेला तो त्याच्याशिवाय, आणि फुटबॉलमध्ये आपले ते आजवरचे शेवटचे ऑलिंपिक. रहीमसाहेबांनी १९६२ मध्ये जाकार्ताला आशियाई सुवर्णपदक मिळवून दिले आणि १९६३ मध्ये कॅन्सरने ते गेले. त्यांच्यावर २०२४ मध्ये 'मैदान' हा हिंदी चित्रपट आला, त्यामुळे निदान त्यांचे नाव नव्या पिढीच्या कानावर पडले. नेव्हिलच्या वाट्याला तेवढेही आले नाही. अर्जुन पुरस्कार १९६१ पासून दिले जाऊ लागले, तोवर त्याचे मोठे दिवस मागे पडले होते.

शुकूरचे उदाहरण सुरुवातीला दिले ते मुद्दाम. देशासाठी एकावन्न गोल करणारा हा माणूस २०११ मध्ये खासदार झाला, २०१३ मध्ये सत्ताधारी पक्षातून बाहेर पडला, नंतर अमेरिकेत गेला आणि तिथे उबेर चालवून गुजराण करत असल्याचे त्याने २०२० मध्ये सांगितले. त्याच्या देशातील सरकारने त्याला वैरी ठरवले. नेव्हिलशी कुणाचेच वैर नव्हते. कोणी त्याचे नाव खोडले नाही, फक्त घ्यायचे राहून गेले. यातले जास्त वाईट कोणते, हे मला अजून ठरवता आलेले नाही.

मुंबईच्या कंपन्यांचे ते संघही आता उरले नाहीत. महिंद्र युनायटेड २०१० मध्ये बंद झाला, रोव्हर्स कप त्याच्याही आधी थांबला. आमच्या पुण्यात २००७ मध्ये पुणे एफ.सी. निघाला, २०१४ मध्ये एफ.सी. पुणे सिटी आला. बालेवाडीला मुले हौसेने सामने पाहायला जात. २०१९ पर्यंत दोन्ही संघ संपले होते. आता मुले मोबाईलवर युरोपातले सामने पाहतात.

नेव्हिल डिसोझाला मार्च १९८० मध्ये मेंदूतील रक्तस्रावाने मृत्यू आला. तेव्हा त्याचे वय सत्तेचाळीस होते.