मुस्तफाचा खरा आवाज कुठला?

परभणीत ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’ म्हणालात तर कुणी वळून बघणार नाही. ‘मुस्तफा’ म्हणा, तिशीच्या आसपासचा कुणीही व्हिडिओ गेम पार्लरच्या गोष्टी सुरू करेल. कॅपकॉमने हा खेळ १९९३ साली काढला. त्यातल्या चौघांपैकी एकाचं नाव आपल्याकडे अख्ख्या खेळाला पडलं.

मूळ बोर्डावर आवाजासाठी क्यूसाउंडची चिप होती. दोनच स्पीकर, पण आवाज आजूबाजूने येतोय असा भास; तंत्र कॅनडातल्या कंपनीचं. चिपला आज्ञा देणारा प्रोसेसर वेगळा, आणि त्याचा प्रोग्राम सांकेतिक. किल्ली बोर्डावरच्या बॅटरीच्या जिवावर. बॅटरी मेली की धडधाकट बोर्ड निकामी. नकला थांबवायला केलेली ही सोय शेवटी अस्सल बोर्डांच्याच मुळावर आली.

म्हणून एम्युलेटर लागतो: जुन्या चिपचं वागणं सॉफ्टवेअरमध्ये उभं करायचं. निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रामरने १९९७ साली ‘मेम’ सुरू केला. त्यात क्यूसाउंड वर्षानुवर्षं अंदाजाने चालत होतं. बाहेर काय ऐकू येतं त्यावरून आत काय घडत असेल ते ताडायचं. २०१८ साली चिपच्या आतला प्रोग्रामच हाती लागला, आणि मेम तोच चालवू लागला.

हेडफोन लावून ऐकलं. सुरेख आहे. पण हा आमचा मुस्तफा नाही!

आमच्या बसस्टँडजवळच्या पार्लरमध्ये ऐन मारामारीत संगीत तुटायचं. बोर्ड बहुधा बूटलेग, म्हणजे नकली. अशा बोर्डांवर क्यूसाउंडऐवजी ओकीची स्वस्त एम६२९५ चिप असे. ती एका वेळी चारच आवाज काढते, क्यूसाउंड सोळा. ठोसा, किंकाळी, बंदूक आणि वर संगीत. कुणाला तरी गप्प बसावंच लागणार.

मेममध्ये बूटलेगांचीही नोंद होते, हे मला फार आवडतं. मात्र मुस्तफाच्या एका बूटलेगात आवाजाचं काम पिक मायक्रोकंट्रोलरकडे होतं, आणि त्याचा प्रोग्राम कुलूपबंद. अस्सल खेळ मेममध्ये बोलत होता तेव्हा ही नक्कल कित्येक वर्षं मुकी होती. चोराने चोरीच्या मालाला लावलेलं कुलूप अस्सलाइतकंच चिवट निघालं.

असे बोर्ड मिळाले तरच ते आवाज नोंदवता येतील. गावी गेलो की जुन्या पार्लरवाल्यांना विचारतो. बहुतेकांनी भंगारात दिले. एक काका म्हणालेत, “माळ्यावर बघतो.”