मुंबईतल्या बंदुका शांत कशामुळे झाल्या?

सुरगाण्यासारख्या दूरच्या तालुक्यात मुंबईची टोळीयुद्धे पोचली ती वर्तमानपत्रांतून आणि सिनेमाच्या पडद्यावरून. पडद्यावरची गोष्ट सोपी असते. गुंड माजतात, एक धाडसी पोलीस अधिकारी त्यांना टिपतो आणि शहर शांत होते. परंतु एक घटना घडली आणि त्यानंतर दुसरी थांबली, एवढ्यावरून पहिली ही दुसरीचे कारण ठरते काय? प्रयोगशाळेत आपण असा निष्कर्ष काढत नाही. मग इतिहासात का काढावा?

प्रथम घटनाक्रम पाहू. मुंबईतल्या टोळ्यांची जुनी हत्यारे म्हणजे चाकू-सुरे. १९८० नंतर बंदुका वाढल्या. फेब्रुवारी १९८१ मध्ये प्रभादेवीच्या पेट्रोल पंपावर शबीर कासकरला गोळ्या घालण्यात आल्या. १२ सप्टेंबर १९९२ रोजी जे. जे. रुग्णालयात हल्लेखोरांनी एके-४७ रायफली चालवल्या. १९९७ च्या जानेवारीत कामगार नेते दत्ता सामंत आणि ऑगस्टमध्ये संगीत व्यावसायिक गुलशन कुमार यांचे भररस्त्यात खून झाले.

यामागे पैसा होता, तसेच बेकारीही होती. सोन्याच्या तस्करीतून टोळ्या पोसल्या गेल्या. १८ जानेवारी १९८२ पासूनच्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार उतरले. संप फसला, गिरणगावातली चूल विझली आणि तिथले काही तरुण टोळ्यांकडे वळले.

आता उपायांकडे वळू. जानेवारी १९८२ मध्ये वडाळ्याला मन्या सुर्वे पोलिसांच्या गोळीने मेला. पुढे नव्वदच्या दशकात अशा चकमकी फार वाढल्या. १९९९ मध्ये संघटित गुन्हेगारीविरुद्ध ‘मोक्का’ हा कायदा आला व जामीन मिळणे अवघड झाले. २००० नंतर टोळीयुद्ध ओसरले. पण त्याआधीच इतर गोष्टीही बदलल्या होत्या. १९९० मध्ये सुवर्ण नियंत्रण कायदा रद्द झाला आणि पुढे आयात खुली होऊन तस्करीतला नफा घटला. १९९३ च्या बॉम्बस्फोटांनंतर टोळ्यांत फूट पडली. म्होरके परदेशी गेलेलेच होते. इतके घटक एकाच सुमारास बदलले असता सारे श्रेय एकट्या चकमकींना कसे देणार?

अमेरिकेतील बोस्टन शहरातला प्रयोग येथे उपयोगी पडतो. तेथे तरुण मुले गोळीबारात मरत होती. संशोधक व पोलीस एकत्र बसले. बंदुका कोठून येतात याचा त्यांनी माग काढला. बहुतेक हिंसा थोड्याच टोळ्यांत एकवटलेली आढळली. १९९६ मध्ये त्या टोळ्यांना समोर बसवून सांगितले गेले की, गोळी सुटली तर साऱ्या टोळीवर कारवाई होईल आणि मार्ग सोडायचा असेल तर मदत मिळेल. यानंतर तरुणांचे खून दरमहा सरासरी ६३ टक्क्यांनी घटले. तरी संशोधक तेवढ्यावर थांबले नाहीत. त्यांनी इतर शहरांचे आकडे शेजारी ठेवून पाहिले, कारण गुन्हे तेव्हा देशभरच घटत होते. याच कारणाने काही अभ्यासक आजही श्रेयाबद्दल शंका घेतात. तुलनेसाठी दुसरे शहर हवे, हे मात्र सर्वांना मान्य आहे.

हा काही केवळ तर्काचा खेळ नव्हे. चुकीच्या कारणाला श्रेय दिले की त्याची किंमत माणसे मोजतात. २००६ मध्ये वर्सोव्यात झालेल्या एका ‘चकमकी’बद्दल सत्र न्यायालयाने २०१३ मध्ये १३ पोलिसांना दोषी ठरवले. ती चकमक बनावट होती, हे मुंबई उच्च न्यायालयानेही २०२४ मध्ये मान्य केले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये वांद्र्यात माजी मंत्री बाबा सिद्दिकी यांचा गोळ्या घालून खून झाला. म्हणजे रोगाचे मूळ शिल्लकच आहे.

शिक्षकांना आमची एक सूचना आहे. फळ्यावर १९८० ते २०१० अशी कालरेषा आखावी. संप, कायदे, चकमकी, सोन्याचा व्यापार हे सारे तिच्यावर मुलांकडून मांडून घ्यावे. मग विचारावे, ‘यातली एकच गोष्ट पुसली, तर पुढे काय घडले असते?’ उत्तर नक्की मिळणार नाही. पण ‘आधी घडले म्हणून तेच कारण’ असे म्हणण्यापूर्वी मुले थोडी थांबतील.