तोच खेळ, नवं यंत्र

१९९६ च्या गणपतीत माझ्यावर एक आळ आला होता. तो खोटा आहे, हे कळायला मला वीसेक वर्षं लागली. आजचं बोलणं त्या आळापासूनच सुरू करतो, कारण पुढची सगळी माहिती मी त्याच्यापायीच गोळा केली.

आमचं गाव वरंध. महाडहून भोरमार्गे पुण्याला जाणारी एसटी घाट चढायच्या आधी जिथून जाते, ते. त्या वर्षी डोंबिवलीहून काका-काकू आणि चुलतभाऊ गणपतीला आले, ते सोबत व्हिडिओ गेम घेऊन. घेऊन दोनच दिवस झाले होते. दोन रिमोट, एक अडॅप्टर आणि एक पिवळी कॅसेट. कॅसेटवर लिहिलं होतं ‘९९९९ खेळ’. प्रत्यक्षात वीस-पंचवीस खेळ पुन्हापुन्हा वेगळ्या नावांनी भरलेले. आमच्या ब्लॅक अँड व्हाइट टीव्हीच्या अँटेनाच्या भोकात वायर घातली, चॅनेलचं चाक फिरवलं आणि मुंग्यांमधून मारिओ बाहेर आला. पडवीत आळीतली निम्मी पोरं जमली.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी दादा आरतीला दुसऱ्या घरी गेला असताना मी आणि माझा एक मित्र ‘काँट्रा’ खेळत होतो. मध्येच लाइट गेली, दहा मिनिटांनी आली ती एकदम जोरात, बल्ब लख्ख झाला. आम्ही पुन्हा सुरुवात केली. दोघांच्याही हातात पाच गोळ्या एकदम उधळणारी बंदूक आली आणि पडद्यावरची माणसं लुकलुकायला लागली. सैनिक दिसे, नाहीसा होई, पुन्हा दिसे. गोळ्यांचंही तेच. चित्र मधूनच जड पायानं चालल्यासारखं हळू होई. तेवढ्यात दादा आला.

“काय केलंस तू? लाइट गेल्यावर बटण बंद केलं होतंस?”

नव्हतं केलं. मग काय, माझीच चूक ठरली. काका काही बोलले नाहीत, पण बाबांना ते लागलं. दुसऱ्या दिवशी ते यंत्र पिशवीत घालून एका रिपेअरवाल्याकडे गेले. त्यानं ते चार दिवस ठेवून घेतलं, चिप कमजोर झाली असं सांगितलं आणि दीडशे रुपये घेतले. लुकलुक होती तशीच राहिली. पुढच्या गणपतीत काका आले; व्हिडिओ गेम काही आला नाही.

आता त्या यंत्राविषयी. नव्वदच्या दशकात आपल्याकडे घराघरांत जे व्हिडिओ गेम आले, ते बहुतेक सगळे जपानच्या निन्टेंडो कंपनीनं १९८३ मध्ये काढलेल्या ‘फॅमिकॉम’ या यंत्राच्या नकला होत्या. नाव काहीही असो, आतली रचना तीच. मूळ यंत्राची स्मृती किती, तर दोन किलोबाइट. २०२० मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ५ ची सोळा गिगाबाइट आहे, म्हणजे ऐंशी लाखांहून अधिक पट. फॅमिकॉममध्ये चित्रं काढणारी एक वेगळी चिप असे. पार्श्वभूमी, म्हणजे झाडं, भिंती, ढग, ती एका पद्धतीनं काढी आणि हलणारी चित्रं, म्हणजे माणसं आणि गोळ्या, दुसऱ्या. हलणाऱ्या चित्रांना मर्यादा होती: पडद्याच्या एका आडव्या रेषेत फक्त आठ तुकडे. नववा आला की तो दिसायचाच नाही.

पंगतीत आठच पानं मांडलेली असावीत आणि जेवायला बारा माणसं यावीत, तसं हे. खेळ लिहिणाऱ्यांनी त्यावर तोड काढली. कोणी एकच कायमचा उपाशी राहू नये म्हणून दर क्षणी क्रम बदलायचा. आत्ता हे आठ, पुढच्या क्षणी दुसरे. सेकंदाला पन्नास-साठ वेळा ही अदलाबदल झाली की डोळ्याला सगळेच दिसतात, पण लुकलुकत. दोघे खेळाडू, दोघांच्या पाच-पाच गोळ्या, वर सैनिक. आठाचा हिशोब कधीच ओलांडलेला. गणित मांडायला एका चिपला जास्त वेळ लागला की खेळ मंदावे. ते यंत्र बिघडलेलं नव्हतंच. ते त्याच्या परीनं बाराजणांना जेवू घालत होतं. पण हे वरंधच्या पडवीत कुणाला ठाऊक असणार?

मला कळलं ते बऱ्याच नंतर. मी आता संगणक शिकवतो. जुन्या कन्सोलची हुबेहूब नक्कल करणारे प्रोग्राम असतात, त्यातला एक वर्गात दाखवताना त्याच्या यादीत एक पर्याय दिसला: एका रेषेतली आठाची मर्यादा काढायची का? मी खूण केली, ‘काँट्रा’ लावला, तीच बंदूक घेतली. एकही सैनिक लुकलुकला नाही. खेळ तोच, १९८८ चा. त्यातलं एक अक्षर कुणी बदललेलं नव्हतं. वर्गातल्या मुलांना मी इतका वेळ गप्प का आहे, ते समजेना.

तेव्हापासून मला एक नाद लागला. कोणता खेळ कोणत्या यंत्रात अडकून पडला होता आणि चांगलं यंत्र मिळाल्यावर त्याचं काय झालं, ते शोधायचं. ‘काँट्रा’चीच गंमत बघा. जपानमध्ये कोनामी कंपनीनं त्या कॅसेटमध्ये स्वतःची एक जादा चिप बसवली होती. त्यामुळे जपानी मुलांना जंगलातल्या झाडांची पानं डोलताना दिसत आणि बर्फाच्या टप्प्यात वाऱ्यासोबत बर्फ उडे. अमेरिकेत निन्टेंडोनं बाहेरच्या कंपन्यांना अशा चिपा घालू दिल्या नाहीत, म्हणून तिथल्या कॅसेटमध्ये झाडं स्तब्ध उभी. म्हणजे यंत्र बदलायची वाट न पाहता कॅसेटमधूनच यंत्राला जोड द्यायची, ही युक्ती तेव्हापासूनची आहे. पुढे १९९८ मध्ये निन्टेंडोनंच आपल्या ‘निन्टेंडो ६४’साठी काडेपेटीएवढी एक वस्तू विकायला काढली. ती यंत्रात खोचली की चार मेगाबाइटची स्मृती आठ होई. ‘परफेक्ट डार्क’ या २००० सालच्या खेळाचा बराचसा भाग तिच्याशिवाय उघडतच नसे.

प्रत्येक वेळी जास्त ताकद म्हणजे जास्त चांगला खेळ, असं मात्र मी म्हणणार नाही. १९७८ चा ‘स्पेस इन्व्हेडर्स’ घ्या. वरून पंचावन्न परग्रहवासी रांगांनी खाली सरकतात आणि आपण त्यांना टिपायचं. यंत्र इतकं अशक्त की एका वेळी एकालाच हलवू शके. सगळ्यांचं एक पाऊल पडायला पंचावन्न फेऱ्या लागत. जसजसे ते मरत, तसतशा फेऱ्या कमी होत आणि उरलेले जोरात धावायला लागत. शेवटचा एक तर पिसाट सुटे. हा खेळ रचणारे तोमोहिरो निशिकादो यांनी ते मुद्दाम आखलं नव्हतं, यंत्राच्या दुबळेपणातून ते आपोआप झालं. त्यांना ते आवडलं आणि त्यांनी तसंच ठेवलं. खेळाचा जीव तिथेच आहे! याच्या हाती वेगवान यंत्र देऊन काही न सांभाळता सोडून दिलं, तर पहिल्या क्षणापासून सगळेच पिसाट सुटतील.

ज्यांनी पूर्वी संगणकाचा क्लास केला आहे, त्यांना कॅबिनेटवरचं ‘टर्बो’ नावाचं बटण आठवत असेल. पुष्कळांना वाटे, ते दाबलं की यंत्र जास्त पळतं. त्याचा खरा उपयोग उलटा होता. १९८१ च्या पहिल्या आयबीएम पीसीच्या संथ चालीवर बेतलेले खेळ नव्या यंत्रावर इतके भरधाव पळत की खेळणाराच मरे. म्हणून नव्या यंत्राला मुद्दाम हळू करायची सोय ठेवली होती. आठाची मर्यादा काढण्यातही असाच एक धोका आहे. काही जुन्या खेळांत एखादी आकृती लपवायची असली की त्याच रेषेत आधी आठ कोरे तुकडे ठेवून देत, म्हणजे ती नववी ठरून दिसेनाशी होई. मर्यादा काढली की लपलेलं उघडं पडतं. जुन्या कारागिरांनी खोटीलाच खुंटी करून तिच्यावर सामान टांगलेलं असतं. ती उपटताना जरा जपून उपटावी.

हे झालं जपान-अमेरिकेचं. आपल्याकडे प्रश्न निराळा होता: यंत्र यायचंच मुळी उशिरा, आणि आलं की राहायचं दीर्घकाळ. सोनीचं प्लेस्टेशन २ जगात आलं २००० मध्ये. त्यावर आधीच्या प्लेस्टेशनच्या डिस्कही चालत. इतकंच नव्हे, तर जुन्या खेळाचं खडबडीत चित्र गुळगुळीत करायची आणि डिस्क जलद वाचायची सोय त्यात होती. जुना खेळ नव्या यंत्रावर सुधारतो, हे पुष्कळ घरांनी प्रथम तिथे पाहिलं. त्याच्यापुढचं प्लेस्टेशन ३ आलं २००६ मध्ये. तरीही २००९ मध्ये भारतीय मुलांसाठी ‘हनुमान : बॉय वॉरियर’ आणि कबड्डी, विटीदांडू, पतंग असलेला ‘देसी अड्डा’ हे खेळ काढले, ते हैदराबादेत बनले आणि प्लेस्टेशन २ वरच आले. मुंबईच्या ट्राइन या कंपनीचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ २०१० चा, तोही जुन्याच यंत्रासाठी. कारण साधं आहे. आपल्या लोकांच्या घरात तेच होतं. ज्याच्या चुलीवर जो तवा, त्यावर बसेल तेवढीच भाकरी थापायची. यात कमीपणा आहे असं मला वाटत नाही. पण आपले खेळ बनवणारे एक पिढी मागच्या यंत्राशी झगडत राहिले, हेही खरं. त्याच ट्राइननं २०१२ मध्ये ‘मूव्ह स्ट्रीट क्रिकेट’ प्लेस्टेशन ३ वर आणला, तेव्हा बटणाऐवजी हात फिरवून बॅट मारता येऊ लागली. गल्लीतलं क्रिकेट ते, हात फिरवल्याशिवाय कसं व्हायचं?

आमच्या गावावरून जो रस्ता घाट चढतो, त्याच्या दुसऱ्या टोकाला पुणं आहे. पावसाळ्यात दरड आली की हा रस्ता बंद होतो आणि पुणं आम्हाला परदेशासारखं वाटू लागतं. त्या पुण्यात ‘नॉडिंग हेड्स गेम्स’ या छोट्या मंडळीनं ‘राजी : अॅन एन्शंट एपिक’ हा खेळ घडवला. राक्षसांनी पळवलेल्या धाकट्या भावाला शोधायला निघालेली एक मुलगी, तिच्या पाठीशी दुर्गा आणि विष्णू, आणि राजस्थानी धाटणीचे महाल. २०१७ मध्ये लोकवर्गणीचा प्रयत्न फसला, तरी ही मंडळी थांबली नाहीत. २०२० च्या ऑगस्टमध्ये खेळ आधी निन्टेंडो स्विचवर आला, म्हणजे हातात धरून खेळायच्या, बेताच्या ताकदीच्या यंत्रावर; मोठ्या यंत्रांवर ऑक्टोबरात. त्या वर्षीच्या ‘द गेम अवॉर्ड्स’मध्ये पहिल्या पदार्पणाच्या खेळांत त्याला नामांकन होतं. नंतर त्याची सुधारित आवृत्तीही निघाली, चित्र अधिक स्वच्छ आणि पात्रांना हिंदी आवाज. मी लहान पडद्यावर तो आधी पाहिला होता. मोठ्या यंत्रावर पाहिला, तेव्हा भिंतीवरची नक्षी, दगडी कमानी, पाण्यावरचा उजेड हे कुणीतरी हातानं किती मायेनं काढलंय ते दिसलं. ती नक्षी पहिल्या दिवसापासून काढलेली होती. लहान यंत्रात ती मावली नव्हती, इतकंच.

याच्या उलट जे होतं, त्याचा मात्र मला राग येतो. २०२० च्या डिसेंबरात ‘सायबरपंक २०७७’ हा प्रचंड गाजावाजा झालेला खेळ आला. जुन्या प्लेस्टेशन ४ वर तो इतका वाईट चालला की सोनीनं आठवड्याभरात तो आपल्या दुकानातून काढून टाकला. परत आला पुढच्या जूनमध्ये. नव्या यंत्रावर तो आज देखणा दिसतो, मान्य. पण जुनं यंत्र असलेल्याकडून पैसे घेताना हे सांगायला नको होतं का? त्यापेक्षा ‘पोकेमॉन स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’चं बरं झालं. २०२२ मध्ये स्विचवर ते अडखळत चालायचे. २०२५ च्या जूनमध्ये स्विच २ आला, सोबत फुकट सुधारणा आली, आणि तेच खेळ सुरळीत पळू लागले. अर्थात, सुधारणा फुकट असली तरी यंत्र विकतच घ्यावं लागतं. आणि कधीकधी पैसे असूनही मिळत नाही. २०२४ च्या नोव्हेंबरात प्लेस्टेशन ५ प्रो जगभर आला तेव्हा भारतात आला नाही, कारण त्यातल्या बिनतारी जोडणीचा सहा गिगाहर्ट्झचा पट्टा आपल्याकडे त्या वेळी खुला नव्हता.

असो. मागल्या गणपतीत दादा आला होता. आता त्याचे केस पांढरे झालेत. आरती झाल्यावर मी लॅपटॉप टीव्हीला जोडला, दोन रिमोट लावले आणि ‘काँट्रा’ सुरू केला. आधी मर्यादा ठेवून. दोघांनी ती बंदूक घेतली. लुकलुक सुरू झाली.

“अरे, हे तर तेच,” दादा म्हणाला.

मग मर्यादा काढली. लुकलुक गेली. मी त्याला आठ पानांच्या पंगतीचं सगळं समजावून सांगितलं. तो बराच वेळ टीव्हीकडे बघत राहिला आणि म्हणाला, “म्हणजे डोंबिवलीत नेल्यावरही तो चांगलाच होता. मी उगीच माळ्यावर टाकला.”

बाबा ओटीवर सुपारी कातरत बसले होते. ते काही ऐकत नसावेत असं आम्हाला वाटलं होतं. त्यांनी अडकित्ता खाली ठेवला.

“मग त्या रिपेअरवाल्यानं दीडशे रुपये कशाचे घेतले?”