इजेक्शन फ्रॅक्शन

इजेक्शन फ्रॅक्शन (संक्षेप: ईएफ) हे हृदयरोगशास्त्रातील एक गुणोत्तर आहे. आकुंचन सुरू होण्याच्या क्षणी हृदयाच्या निलयात जेवढे रक्त भरलेले असते, त्याचा कितवा भाग त्या एका आकुंचनात बाहेर टाकला जातो, हे या गुणोत्तरावरून समजते. ते बहुधा टक्क्यांत सांगितले जाते. निराळा उल्लेख नसेल तर ही संज्ञा डाव्या निलयाला उद्देशून वापरलेली असते, कारण फुफ्फुसांकडून आलेले प्राणवायुयुक्त रक्त महारोहिणीवाटे सर्व शरीराकडे पाठवण्याचे काम डावा निलय करतो. मराठी लेखनात 'निलय' याच अर्थी 'जवनिका' हा शब्दही आढळतो.

हृदय निकामी होण्याच्या विकाराचे प्रकार ठरवणे, औषधयोजना करणे, छातीत यंत्र बसवण्याचा निर्णय घेणे आणि झडपेच्या शस्त्रक्रियेची वेळ निश्चित करणे या सर्व बाबतींत या आकड्याचा आधार घेतला जातो. तथापि हा आकडा म्हणजे हृदयाला शंभरपैकी मिळालेले गुण नव्हेत. तो दोन आकारमानांमधील केवळ एक प्रमाण आहे, आणि त्याचा अर्थ लावताना त्याचे हे स्वरूप ध्यानात ठेवावे लागते.

व्युत्पत्ती आणि मराठी पर्याय

या संज्ञेतील 'इजेक्शन' हा शब्द लॅटिन भाषेतील 'बाहेर' आणि 'फेकणे' या अर्थांच्या घटकांपासून बनला आहे. 'फ्रॅक्शन' हा शब्द 'मोडणे, तुकडे करणे' या अर्थाच्या लॅटिन धातूपासून आला असून गणितात त्याचा अर्थ अपूर्णांक असा होतो. त्यामुळे संज्ञेचा शब्दशः अर्थ 'बाहेर टाकलेला अंश' असा आहे. 'उत्क्षेपण अंश' किंवा 'निष्कासन अंश' असे संस्कृतोद्भव पर्याय करता येतात. परंतु दवाखान्यांत आणि तपासणी-अहवालांत मूळ इंग्रजी संज्ञा अथवा तिचा 'ईएफ' हा संक्षेपच रूढ आहे. बोलताना तिच्याऐवजी 'हृदयाचे पंपिंग' असा शब्दप्रयोग सर्रास होतो.

गणना

निलय पूर्ण भरला असताना त्यात असलेल्या रक्ताच्या आकारमानास प्रसरणान्त आकारमान म्हणतात. आकुंचन संपल्यावर आत शिल्लक राहणारे रक्त म्हणजे आकुंचनान्त आकारमान. या दोहोंमधील वजाबाकी म्हणजे एका ठोक्यात बाहेर पडलेले रक्त; त्याला स्पंद-आकारमान म्हणता येईल. स्पंद-आकारमानास प्रसरणान्त आकारमानाने भागून १०० ने गुणले की ईएफ मिळतो.

समजा, भरलेल्या निलयात १२० मिलिलिटर रक्त आहे आणि आकुंचनानंतर ५० मिलिलिटर उरले. बाहेर पडलेले रक्त ७० मिलिलिटर झाले. ७० भागिले १२० म्हणजे ०.५८, अर्थात ईएफ सुमारे ५८ टक्के. हृदयाचे ठोके मिनिटाला ७० असतील तर हे हृदय मिनिटाला सुमारे ४.९ लिटर रक्त पुढे पाठवते.

निरोगी हृदयाचा निलयही एका आकुंचनात पूर्ण रिकामा होत नाही. काही रक्त प्रत्येक ठोक्यानंतर आत राहतेच. म्हणून १०० टक्के ईएफ ही अवस्था प्रत्यक्षात नसते आणि आदर्श म्हणूनही ती मानली जात नाही.

मोजण्याच्या पद्धती

*हृदयाची सोनोग्राफी:* 'टूडी इको' या नावाने परिचित असलेली ही तपासणी सर्वाधिक वापरली जाते. स्वनातीत ध्वनिलहरींच्या साहाय्याने हृदयाची चित्रे मिळवण्याची सुरुवात इंगे एडलर आणि हेल्मुट हर्ट्झ यांनी १९५३ मध्ये स्वीडनमधील लुंड येथे केली. आजच्या प्रचलित पद्धतीत निलयाची दोन परस्परछेदी दिशांतून चित्रे घेतात. त्याच्या आतील पोकळीचे एकावर एक रचलेल्या पातळ चकत्यांत विभाजन करून त्या चकत्यांच्या आकारमानांची बेरीज करतात. या पद्धतीला अठराव्या शतकातील इंग्रज गणितज्ञ टॉमस सिम्प्सन यांचे नाव दिले जाते. अनुभवी तपासनीस केवळ चित्र पाहूनही ईएफचा अंदाज सांगतात.

*एमआरआय:* आकारमाने मोजण्यासाठी ही पद्धत सर्वांत विश्वसनीय मानली जाते. खर्च, लागणारा वेळ आणि उपलब्धता यांमुळे ती प्रत्येक रुग्णासाठी वापरली जात नाही.

*इतर पद्धती:* किरणोत्सारी द्रव्य वापरून करण्यात येणारी मुगा तपासणी, सीटी स्कॅन आणि अँजिओग्राफीच्या वेळी निलयात रंगद्रव्य सोडून घेतलेली चित्रे यांवरूनही ईएफ काढता येतो.

मूल्यांचा अर्थ

अमेरिकन सोसायटी ऑफ एकोकार्डिओग्राफी आणि तिची युरोपीय सहसंस्था यांनी २०१५ मध्ये दिलेल्या शिफारशींनुसार टूडी इकोवर मोजलेल्या ईएफची प्रमाणित कक्षा पुरुषांत ५२ ते ७२ टक्के आणि स्त्रियांत ५४ ते ७४ टक्के आहे. त्याखालील मूल्ये ४१ पर्यंत असल्यास किंचित घट, ३० ते ४० मध्यम घट आणि ३० पेक्षा कमी तीव्र घट असे मानतात. यावरून ६० टक्के ईएफ असलेले हृदय चाळीस टक्के निकामी झालेले नसून आकुंचनाच्या दृष्टीने पूर्णतः सामान्य असते, हे स्पष्ट होते.

कक्षेपेक्षा अधिक मूल्य म्हणजे अधिक सुदृढ हृदय असेही नाही. हृदयाची भिंत अवाजवी जाड झाली असेल, शरीरातील द्रव कमी झाल्याने निलय पुरेसा भरत नसेल किंवा झडप गळत असेल तरीही ईएफ वाढलेला दिसू शकतो.

हृदय निकामी होण्याचे वर्गीकरण

'हृदय निकामी होणे' याचा वैद्यकीय अर्थ हृदय थांबणे असा नाही. शरीराच्या गरजेइतका रक्तपुरवठा हृदय करू शकत नाही किंवा हृदयातील दाब वाढल्याशिवाय तो होत नाही, आणि त्यामुळे धाप, थकवा, पायांवर सूज अशी लक्षणे दिसतात, अशा अवस्थेला ही संज्ञा आहे. २०२१ मध्ये मांडण्यात आलेल्या जागतिक व्याख्येत ईएफनुसार तिचे पुढील प्रकार केले आहेत :

* ईएफ ४० टक्के किंवा त्याहून कमी : घटलेल्या ईएफसह हृदय निकामी होणे.
* ईएफ ४१ ते ४९ टक्के : किंचित घटलेल्या ईएफसह.
* ईएफ ५० टक्के किंवा अधिक : अबाधित ईएफसह.
* ईएफ पूर्वी ४० किंवा त्याहून कमी होता, तो किमान १० अंकांनी वाढून ४० च्या वर गेला : सुधारलेल्या ईएफसह.

यांतील तिसरा प्रकार सामान्य वाचकाला बुचकळ्यात टाकतो. ईएफ उत्तम असताना हृदय निकामी कसे म्हणायचे? याचे उत्तर गुणोत्तराच्या छेदात आहे. उच्च रक्तदाब, वार्धक्य, मधुमेह, स्थूलता इत्यादींमुळे निलयाची भिंत जाड व ताठर होते. ती नीट सैल होत नाही आणि आत रक्त कमी मावते. समजा, अशा निलयात ८० मिलिलिटरच रक्त भरले व त्यातील ५२ मिलिलिटर बाहेर पडले. ईएफ ६५ टक्के येतो. परंतु शरीराला मिळालेले रक्त वरील उदाहरणातील ७० मिलिलिटरपेक्षा कमीच असते.

याउलट परिस्थितीही संभवते. हृदयस्नायू दुबळा होऊन निलय फुगला आणि त्यात २४० मिलिलिटर रक्त मावू लागले, तर अवघ्या ३० टक्के ईएफवरही ७२ मिलिलिटर रक्त बाहेर पडते. म्हणूनच ईएफ बराच घटलेली एखादी व्यक्ती विश्रांतीच्या वेळी स्वस्थ दिसू शकते, तर सामान्य ईएफ असलेल्या दुसऱ्या व्यक्तीला जिना चढताना धाप लागते. लक्षणांची तीव्रता आणि ईएफचा आकडा यांची सांगड दर वेळी बसतेच असे नाही.

उपचारांतील उपयोग

ईएफ घटलेल्या रुग्णांमध्ये बीटा-ब्लॉकर, रक्तवाहिन्या शिथिल करून हृदयावरील भार हलका करणारी औषधे, अल्डोस्टेरॉन या संप्रेरकाला विरोध करणारी औषधे आणि मूळची मधुमेहासाठी आलेली एसजीएलटी-२ रोधक औषधे अशा चार गटांचा एकत्रित वापर केला जातो. यांतील शेवटच्या गटाचा लाभ ४० टक्क्यांहून अधिक ईएफ असलेल्या रुग्णांनाही होतो, असे २०२१ आणि २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या चाचण्यांतून दिसून आले.

ईएफ फार कमी असलेल्या हृदयात प्राणघातक अनियमित ठोके उद्भवण्याचा धोका वाढतो. असे ठोके ओळखून आतूनच विजेचा धक्का देणारे आयसीडी हे यंत्र बसवताना ३५ टक्के ही सीमारेषा सामान्यतः वापरतात. मात्र हृदयविकाराच्या झटक्यानंतर लगेच मोजलेल्या आकड्यावर हा निर्णय घेत नाहीत. झटक्यात काही स्नायू मृत होतो, तर काही केवळ बधिर झालेला असतो व तो पुढील आठवड्यांत पुन्हा काम करू लागतो. त्यामुळे झटक्यानंतर किमान ४० दिवस जाऊ देण्याचा आणि औषधोपचार सुमारे तीन महिने देऊन पुन्हा मोजणी करण्याचा प्रघात आहे.

कर्करोगावरील डॉक्सोरुबिसिन, ट्रास्टुझुमॅब यांसारखी औषधे हृदयस्नायूला अपाय करू शकतात; त्यामुळे ती सुरू करण्यापूर्वी आणि उपचारांदरम्यान ईएफ तपासला जातो. गरोदरपणाच्या अखेरीस किंवा प्रसूतीनंतरच्या महिन्यांत उद्भवणाऱ्या हृदयस्नायूच्या विकाराचे निदान करतानाही, दुसरे कारण सापडत नसेल आणि ईएफ ४५ टक्क्यांखाली असेल, हा निकष लावला जातो.

मर्यादा

*मापनातील फरक:* एकाच व्यक्तीची टूडी इको दोन तपासनीसांनी केली, तर ईएफमध्ये ५ ते १० अंकांचा फरक पडू शकतो. चित्राची स्पष्टता, हृदयाची लय आणि त्या वेळचा रक्तदाब यांचाही परिणाम होतो. म्हणून ५५ वरून ५२ झालेला आकडा म्हणजे प्रकृतीतील बिघाड असे लगेच म्हणता येत नाही. शक्यतो एकाच पद्धतीने केलेल्या तपासण्यांची तुलना करणे योग्य ठरते.

*रक्ताची दिशा:* ईएफ निलयातून किती रक्त बाहेर पडले हे सांगतो. ते कोठे गेले हे सांगत नाही. डावा अलिंद आणि डावा निलय यांमधील मिट्रल झडप गळत असेल तर रक्ताचा काही भाग मागे अलिंदात जातो. निलयात २०० मिलिलिटर रक्त असून १२० बाहेर पडले, तर ईएफ ६० टक्के येतो. पण त्यांपैकी ५० मिलिलिटर मागे गेले असल्यास शरीराकडे ७० मिलिलिटरच जाते. मागे जाण्याचा मार्ग सोपा असल्याने दुबळा होऊ लागलेला स्नायूही या विकारात चांगला आकडा दाखवतो. त्यामुळे मिट्रल झडपेच्या मूळ दोषामुळे होणाऱ्या तीव्र गळतीत, लक्षणे नसली तरी, ईएफ ६० टक्क्यांवर किंवा त्याखाली येणे हा शस्त्रक्रियेचा विचार करण्याचा संकेत मानतात. एरवी सामान्य ठरणारा आकडा येथे धोक्याची सूचना ठरतो.

*उशिरा होणारी घट:* स्नायूला झालेली सुरुवातीची इजा ईएफमध्ये उमटेलच असे नाही. ती आधी टिपण्यासाठी स्नायुतंतूंचे लांबीच्या दिशेने होणारे आखडणे मोजणारी 'स्ट्रेन' ही पद्धत आता जोडीने वापरली जाते.

मराठी वापर आणि गैरसमज

'पंपिंग पस्तीस टक्के आहे' हे वाक्य ऐकणाऱ्याच्या मनात शंभर ही तुलना नकळत उभी राहते. परीक्षेतील टक्क्यांची सवय हे त्यामागील एक कारण म्हणता येईल. प्रत्यक्षात तुलना शंभराशी नव्हे, तर पन्नाशीच्या किंचित वर सुरू होणाऱ्या प्रमाणित कक्षेशी करावयाची असते. अर्थात याचा अर्थ पस्तीस हा आकडा किरकोळ आहे असा नाही. तो लक्षणीय घट दर्शवतो आणि उपचारांची निकड सांगतो.

दुसरी गल्लत अँजिओग्राफीच्या अहवालातील टक्क्यांशी होते. तेथे 'सत्तर टक्के' याचा अर्थ हृदयाच्या स्वतःच्या रक्तवाहिनीचा मार्ग सत्तर टक्के अरुंद झाला, असा असतो. त्या आकड्याचा आणि ईएफचा थेट हिशेब जुळत नाही. रक्तवाहिन्यांत मोठे अडथळे असूनही ईएफ सामान्य असू शकतो. म्हणून 'पंपिंग चांगले आहे' या शेऱ्यावरून हृदयविकार नाही असा निष्कर्ष काढता येत नाही.

तिसरा घोटाळा शब्दाचा आहे. बोलीभाषेत 'हार्ट फेल झाले' म्हणजे मृत्यू झाला. त्यामुळे अहवालात किंवा डॉक्टरांच्या बोलण्यात 'हार्ट फेल्युअर' हा शब्द आला की रुग्ण व नातेवाईक धास्तावतात, किंवा रुग्ण चालता-बोलता असल्याने ते निदानावरच अविश्वास दाखवतात. वैद्यकीय अर्थाने ही दीर्घकाळ चालणारी, औषधांनी आटोक्यात ठेवता येणारी अवस्था आहे. अनेक रुग्णांत उपचारांनी ईएफ पुन्हा वाढतो. मात्र वर उल्लेखिलेला 'सुधारलेला ईएफ' म्हणजे संपूर्ण बरे होणे नव्हे; आकडा वाढल्यामुळे औषधे परस्पर बंद केल्यास विकार उलटण्याचा धोका असतो. त्यामुळे अहवालातील हा आकडा वाचताना तो कोणत्या पद्धतीने मोजला, आधीचा आकडा किती होता आणि रुग्णाची लक्षणे कोणती आहेत, या तीन गोष्टी एकत्र पाहिल्या जातात.