पश्चिम वाळवंटातील आदिवासी, ऑस्ट्रेलियन

ऑस्ट्रेलियाच्या मध्य व पश्चिम भागांतील शुष्क प्रदेशाचे मूळ रहिवासी. गिब्सन, ग्रेट व्हिक्टोरिया, ग्रेट सँडी व लिटल सँडी या वाळवंटांनी व्यापलेल्या सु. ६ लक्ष चौ. किमी. प्रदेशात त्यांची पारंपरिक भूमी पसरलेली आहे. पिंटुपी, पिट्जंट्जारा, न्गान्याट्जारा, कुकाट्जा व मार्टू हे त्यांतील प्रमुख गट. त्यांच्या बोली एकाच भाषेची रूपे मानल्या जातात व शेजारच्या गटांना परस्परांची बोली समजते. लिटल सँडी वाळवंटातील कर्नाटुकुल येथील शैलाश्रयाच्या उत्खननावरून या प्रदेशातील मानवी वास्तव्य ४५,००० वर्षांहून अधिक जुने असल्याचे दिसून आले आहे. असे असूनही यूरोपीय समन्वेषकांनी व शासनाने हा प्रदेश दीर्घकाळ ओसाड व निर्जन मानला. या समजुतीचे परिणाम येथील लोकांना विसाव्या शतकात भोगावे लागले.

पर्यावरण व उपजीविका : वार्षिक पर्जन्यमान सरासरी २० ते २५ सेंमी. असले, तरी ते अत्यंत अनियमित आहे. बारमाही नद्या नाहीत. तांबड्या वाळूच्या टेकड्या, स्पिनिफेक्स हे टोकदार, राळयुक्त गवत आणि बाभळीच्या प्रजातीतील मलगा वृक्ष ही येथील भूदृश्याची ठळक वैशिष्ट्ये होत. खडकांतील नैसर्गिक कुंडे, वाळूत खणलेले झिरे आणि पावसानंतर भरणारी उथळ डबकी यांतून पाणी मिळे. बाष्पीभवन होऊ नये व जनावरांनी पाणी नासवू नये म्हणून लहान कुंडांवर दगड वा फांद्या झाकीत. पाऊस झाला की, कुटुंबे प्रथम दूरच्या, लवकर आटणाऱ्या पाणवठ्यांकडे जात आणि भरवशाचे पाणवठे अवर्षणासाठी राखून ठेवीत. एरवी लहान गटांनी विखरून राहणारे हे लोक सुकाळात विधी, विवाहसंबंध व देवाणघेवाण यांसाठी मोठ्या संख्येने एकत्र येत.

दैनंदिन अन्नाचा मोठा भाग स्त्रिया मिळवीत. खणकाठीने कंद, अळ्या व घोरपडी उकरून काढणे, रानफळे वेचणे, गवताचे बी दगडावर वाटून त्याच्या भाकरी राखेत भाजणे ही त्यांची कामे. पुरुष भाल्यांनी कांगारू व एमू यांची शिकार करीत. त्यांचे भालाफेकीचे लाकडी साधन बहुगुणी होते : भाला फेकण्याबरोबरच त्याच्या टोकाला बसविलेल्या दगडी पात्याने लाकूड तासता येई व त्याच्या कडेने घर्षण करून अग्नीही निर्माण करता येई. सतत स्थलांतर करणाऱ्यांना मोजकी व हलकी साधनेच सोयीची होती.

अग्नी हे भूमी राखण्याचे मुख्य साधन होते. शिकार दिसावी, नवे अन्नदायी अंकुर फुटावेत व आपली वाट दुरून कळावी, यासाठी गवत ठिकठिकाणी जाळीत. त्यामुळे निरनिराळ्या वयाच्या वनस्पतींची लहानलहान ठिगळे तयार होत व मोठे वणवे अडत. १९५३ मध्ये घेतलेल्या हवाई छायाचित्रांत अशी ठिगळे स्पष्ट दिसतात. माणसे निघून गेल्यानंतरच्या काळातील उपग्रहचित्रांत मात्र त्यांच्या जागी विजेमुळे लागलेल्या प्रचंड वणव्यांचे विस्तीर्ण पट्टे आढळतात. अनेक लहान व मध्यम आकाराचे सस्तन प्राणी येथून नाहीसे झाले. त्यास बाहेरून आलेली मांजरे व कोल्हे यांच्याबरोबर हा बदलही कारणीभूत झाला, असे अभ्यासक मानतात.

जुकुर्पा : पिट्जंट्जारा भाषेतील ही संज्ञा एकाच वेळी सृष्टीची उत्पत्ती, धर्म व कायदा असा अर्थ व्यक्त करते. आद्य पूर्वजांनी प्रवास करीत डोंगर, पाणवठे व प्राणी घडविले, अशी श्रद्धा आहे. त्यांच्या मार्गांवरील स्थळे क्रमाने गीतांत गुंफलेली असल्याने गीते पाठ असणाऱ्याला पाण्याची ठिकाणेही ज्ञात होतात. कृत्तिका नक्षत्राशी निगडित सात बहिणींची कथा अशाच एका दीर्घ मार्गाची आहे. प्रत्येक व्यक्तीचा विशिष्ट स्थळाशी व देवकाशी संबंध असतो आणि त्या स्थळाची निगा राखणे हे तिचे कर्तव्य ठरते. नातेसंबंध, विवाहाचे नियम आणि सासू व जावई यांनी परस्परांना टाळण्याचा दंडक याच व्यवस्थेत मोडतात.

बाह्य संपर्क : आल्फ्रेड कॅनिंग याने १९०६–१० या काळात गुरे नेण्यासाठी सु. १,८५० किमी. लांबीचा मार्ग आखून त्यावर विहिरी खोदल्या. पाणवठे दाखवावेत म्हणून त्याने आदिवासींना पकडून साखळदंडांनी बांधले. १९०८ मध्ये चौकशी आयोग नेमला गेला. पण त्याने कॅनिंगला निर्दोष ठरविले. निर्जन मानलेल्या प्रदेशातून वाट काढण्यास तेथील रहिवाशांच्याच ज्ञानाची गरज भासावी, यातून ती समजूत किती पोकळ होती, हे दिसते.

ब्रिटन व ऑस्ट्रेलिया यांनी १९४७ मध्ये वूमेरा येथे अग्निबाणांचे चाचणीक्षेत्र स्थापन केले. ब्रिटनने एमू फील्ड येथे १९५३ मध्ये व मारालिंगा येथे १९५६–५७ मध्ये अणुस्फोट केले. अग्निबाणाच्या मार्गातील पर्सिव्हल सरोवरांच्या परिसरात १९६४ मध्ये वीस स्त्रिया व मुले आढळली. त्यांना तेथून हलविण्यात आले. पापुन्या, वॉर्बर्टन, जिगलाँग इ. वसाहतींत एकत्र आलेल्या लोकांपैकी अनेकजण नव्या रोगांना बळी पडले. पिंटुपींचे नऊ जणांचे एक कुटुंब १९८४ पर्यंत वाळवंटात पारंपरिक जीवन जगत होते.

भूमीचे हक्क व सद्यःस्थिती : पापुन्या येथे १९७१ मध्ये सुरू झालेल्या चित्रकलेमुळे पूर्वजांच्या मार्गांचे ज्ञान जगापुढे आले. १९८१ च्या कायद्याने दक्षिण ऑस्ट्रेलियातील १ लक्ष चौ. किमी.हून अधिक भूमी पिट्जंट्जारा व त्यांच्या संबंधित गटांना मिळाली. उलुरू हा पवित्र खडक १९८५ मध्ये त्याच्या पारंपरिक मालकांकडे परत देण्यात आला व २०१९ पासून त्यावर चढण्यास बंदी आहे. १९९२ च्या माबो खटल्यात निर्मालक भूमीचे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने फेटाळले. ग्रेट सँडी वाळवंटातील लोकांनी १९९७ मध्ये आपल्या पाणवठ्यांचे सु. ८ मी. रुंद व १० मी. लांब चित्र काढून ते दाव्याचा पुरावा म्हणून सादर केले आणि २००७ मध्ये त्यांचा हक्क मान्य झाला.

अनेक कुटुंबे मूळ स्थळांजवळील छोट्या वस्त्यांत परतली आहेत. आरोग्य, शिक्षण व रोजगार यांचे प्रश्न तेथे बिकट आहेत. तथापि आदिवासी वनरक्षकांची पथके वडीलधाऱ्यांच्या मार्गदर्शनाखाली पुन्हा लहानलहान आगी लावून भूमीची निगा राखीत आहेत. एकेकाळी दुर्लक्षिलेल्या या ज्ञानाचा अवलंब आता शासनमान्य संवर्धनकार्यातही होतो.