पायाशी कोरलेल्या दोन ओळी

आमच्या श्राविका मंडळात मी एकदा मोठ्या ठसक्यात सांगून बसले, की मराठीतलं पहिलं वाक्य आपल्या बाहुबली स्वामींच्या पायाशी कोरलंय, सन 983 मध्ये. टाळ्या पडल्या. बेळगावात अशा वाक्याला टाळ्या पडणारच! चहाच्या वेळी भाची कानाशी आली. तिनं एम.ए.ला भाषेचा इतिहास घेतलेला. म्हणाली, "मावशी, ते 983 म्हणू नकोस गं. मूर्तीचं वय वेगळं, अक्षरांचं वेगळं."

मला रागच आला. दर्शनाला डोंगर चढून गेले तेव्हा त्या ओळींपुढे मी हात जोडले होते. पण रात्री भांडी आवरताना वाटू लागलं, अक्षरांचं वय सांगणारे हे वैद्य नाडी तरी कुठली बघत असतील?

श्रवणबेळगोळची 57 फुटांची मूर्ती घडवून घेतली गंग राजांचा मंत्री चामुंडराय याने, दहाव्या शतकाच्या अखेरीस. पायाशी कन्नड, तमिळ आणि मराठी अशा तिन्ही भाषांत त्याचं नाव आहे. मराठी ओळी दोन. 'श्रीचावुंडराजें करवियलें' ही पहिली. 'श्रीगंगराजे सुत्ताले करवियले' ही दुसरी. हा गंगराज होयसळ राजा विष्णुवर्धनाचा सेनापती. मूर्तीभोवतीच्या ओवऱ्या त्याने 1117 च्या सुमारास बांधवल्या. म्हणजे दोघांत सव्वाशे वर्षांहून जास्त अंतर, आणि ओळींचं वळण मात्र सारखं, एका बैठकीत कोरल्यासारखं!

आपल्याच घरचं बघा. पणजोबांनी घर बांधलं, पणतूने पुढं पडवी काढली आणि दारावर एकच पाटी लावून दोघांची नावं लिहवून घेतली, तर पाटीचं वय पणतूचं धरायचं की पणजोबांचं? शं. गो. तुळपुळे यांच्यासारख्या अभ्यासकांनी असाच हिशेब करून या ओळी बाराव्या शतकात आणून ठेवल्या. अलिबागजवळच्या आक्षीचा लेख त्यांच्या वाचनाप्रमाणे शके 934 चा, म्हणजे सन 1012 चा. झालं, आमचा पहिला नंबर गेला.

भाचीला म्हटलं, "घेतलंस ना काढून? आता काय उरलं?" तर तिनं मला वाक्याच्या आत नेलं. 'राजें' म्हणजे राजाने. आपला 'ने' तिथं नाही, त्याचं काम त्या मात्रेनं आणि टिंबानं केलंय. 'करवियलें'वरचं टिंब तर माझ्या आजीच्या पत्रातसुद्धा होतं, ती 'केलें', 'आलें' असंच लिहायची. 1962 च्या नियमांनी ते लिहिण्यातून काढलं. पण बोलताना आपण 'केलं' म्हणतो, तेव्हा ते पुन्हा डोकावतंच. आणि 'सुत्ताले'? सुत्तु म्हणजे कन्नडमध्ये भोवती. भोवतालचं आलय ते सुत्तालय. मराठी वाक्य कोरणाऱ्याला त्या शब्दाच्या जागी मराठी शब्द घालावासा वाटला नाही. आम्ही तरी अण्णा नि अक्का म्हणताना कुठं थांबतो?

शेवटचा 'ल' त्याहून जुना निघाला. उद्योतनसूरी या जैन आचार्यांनी 779 मध्ये 'कुवलयमाला' हा प्राकृत ग्रंथ पुरा केला. त्यात एका बाजारात देशोदेशीचे व्यापारी आपापल्या बोलीत बोलताना दाखवलेत. मराठ्यांच्या तोंडी दिलं-घेतलं अशा अर्थाचे शब्द आहेत, आणि त्यांत हा 'ल' आहे. हा ग्रंथ संपादून छापला तो आपल्याच सदलग्यात जन्मलेल्या डॉ. आ. ने. उपाध्ये यांनी. कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात ते अर्धमागधी शिकवत. लग्नाकार्याला सदलग्यावरून आमची गाडी कितीदा गेली असेल, पण हे कधी कुणी सांगितलं नाही.

पुढच्या महिन्यात मंडळात उभी राहिले आणि चूक कबूल केली. या वेळी टाळ्या नाहीत. मागून कुणी तरी म्हणालं, "म्हणजे आपला नंबर गेला की हो!" मी म्हटलं, "गेला." मग दोन्ही ओळी फळ्यावर लिहिल्या आणि एकेक शब्द फोडून सांगू लागले. कन्नड माहेरच्या एक अक्का एरवी प्रसाद घेऊन लगेच निघतात. त्या दारात चपला घालता घालता थांबल्या.

"सुत्तु? ते आमचं की!" म्हणाल्या, आणि चपला काढून परत येऊन बसल्या.